आमच्या घरात ‘कोणीतरी’ म्हणजे मी

थांबा, पहिल्यापासून सांगते, नाहीतर मी नेहमीसारखी मधूनच सुरू करीन आणि कुणालाच काही कळणार नाही.

आमचं घर श्रीवर्धनला, सुपारीच्या वाडीत. ताईला मुलगी झाली, मग तिची सुट्टी संपली, आणि बाळाला सांभाळायला आई तिच्याकडे पनवेलला गेली. पप्पा ट्रेलर चालवतात. उरणला बंदरातून माल भरला की कधी गुजरात, कधी पार खाली मद्रासकडे. ते घरी येतात तेच पाहुण्यासारखे, येतात, झोपतात, जातात. राहिले मी. माझं ऑफिसचं काम लॅपटॉपवर, घरूनच, त्यामुळे सगळ्यांना एकदम सोपं झालं. वाडीचं काय? ती आहे ना. लाईटबिल? ती आहे ना. मलाही तेव्हा भारीच वाटलं होतं हां, खोटं कशाला सांगू. अख्खं घर एकटीचं! मोठ्याने गाणी लावीन, भांडी वाटेल तेव्हा घाशीन.

स्टँडवर आई एसटीत चढली, खिडकीशी बसली, आणि गाडी सुरू झाल्यावर तिला सगळं आठवायला लागलं.

“मागच्या दाराची कडी लावत जा.”

“हो.”

“नुसतं हो नको. मी रोज विचारीन.”

“रोज?”

“रोज. कंटाळशील इतकं विचारीन.”

कंडक्टरने बेल मारली. मी हसत घरी आले. मागचं दार उघडून बघितलं, बंद केलं, कडी लावली. मग परत उघडून बघितलं. असंच. करण्यासारखं दुसरं काही नव्हतं.

दिवसा बरं असतं. दिवसा ऑफिसच्या मीटिंगा असतात, अंगणात सुपारी वाळत घातलेली असते, पंपाचा आवाज असतो, बाजूच्या चाचीच्या कोंबड्या आमच्याकडे येऊन घाण करून जातात. पण ऊन उतरलं की वाडीत एकदम गप्प होतं. सुपारीची झाडं अशी सरळ, उंच, आणि सगळी एकमेकांसारखी, त्यांच्याकडे बघून बोलावंसंही वाटत नाही. आंब्याशी माणूस बोलेल, सुपारीशी नाही. तर त्या वेळी माझ्याकडे एकच होतं, फोनवरचा आमचा घरचा ग्रुप. त्यात आई, ताई, पप्पा, मुंबईचे काका आणि मी. वाडीत काकांचाही हिस्सा आहे, म्हणून काका.

आणि काय चालायचं त्या ग्रुपवर! आई मोबाईलवर एका बोटाने टाइप करते, आणि वाक्य संपायच्या आधीच पाठवते. “पंप बंद”. मग “केलास का”. मग “की चालूच”. मग बाळाचा फोटो. मग ताई: “आई ते तेल कुठे ठेवलंस.” एकाच घरात बसून दोघी ग्रुपवर बोलायच्या! काका रोज सकाळी फुलाचा फोटो टाकणार आणि मग दुपारी एकदम, “पाडेलीला कोणीतरी सांगा, वरचे घड उतरवायला झालेत.” पाडेली म्हणजे झाडावर चढून सुपारी उतरवणारा. पप्पांचे तर व्हॉइस मेसेजच. त्यांना अजून वाटतं की तो फोनच आहे. सुरुवातीला “हॅलो, हॅलो” म्हणतात, मग ट्रेलरच्या इंजिनाची घरघर, मग “आता इकडे एका नदीवरून चाललोय, पाणी काय आहे, वा, तू बघायला पाहिजे होतीस,” आणि शेवटी “चल ठेवतो.” कुणी उचललेलंच नाही तर ठेवतायत काय!

आणि संध्याकाळी आईचं सुरू. सुपारीवर ताडपत्री घातलीस का. थोड्या वेळाने, दव पडेल हां, ताडपत्री घातलीस का. जेवलीस का. काय केलंस. परत भातच का. मागची कडी लावलीस का. कडी बघ. कडी लावलीस ना.

एक दिवस मला खरंच राग आला. मीटिंग चालू, त्यात फोन टुंग टुंग टुंग. आणि काकांनी सांगितलेलं काम त्या सगळ्या फोटोंच्या खाली गेलं, मी विसरले, आणि पाडेली दुसऱ्याच्या वाडीत गेला. काका म्हणाले, “ग्रुपवर टाकलं होतं मी.” टाकलं होतं! फूल, बाळ, फूल, बाळ, पाडेली, बाळ!

त्याच आठवड्यात ऑफिसात नवीन सुरू झालं होतं. आमच्या टीमचा जो ग्रुप आहे ना, त्यातली सगळी बडबड एआयला द्यायची आणि ते त्यातून बरोब्बर काढून देतं, कुणी कुठलं काम घेतलंय, कधीपर्यंत द्यायचंय. आमचा एकजण नेहमी “मी बघतो” म्हणून गायब व्हायचा, त्याच्या नावापुढे सात ओळी आल्या तेव्हा आम्ही सगळे हसून मेलो. आणि मला एकदम झालं, अरे! घरचं!

लगेच केलं. मला सुचलं की थांबवत नाही. घरच्या ग्रुपची अख्खी चॅट काढली, एआयला दिली, लिहिलं, यातली कामं काढ, कुणाचं कुठलं ते सांग.

पहिली यादी बघून मी एकटीच ओट्यावर बसून मोठ्याने हसले. पाडेलीला सांगणे: जबाबदार, ‘कोणीतरी’. बिल भरणे: जबाबदार, ‘कोणीतरी’. तेल शोधणे: आई. सोडे पाठवणे: “काका यांनी ‘बघू’ असे म्हटले आहे, काम स्वीकारले असावे.” काका आणि काम स्वीकारणार! सुकलेल्या कोळंबीचं एक पुडकं ताईला पाठवायचं होतं, त्यावर काका ‘बघू’ म्हणाले म्हणजे विषय संपला, एवढं तर चाचीच्या कोंबड्यांनाही कळतं.

मग मी त्याला आमचं घर शिकवायला बसले. काकांचं ‘बघू’ म्हणजे नाही. ताईचं ‘करते’ म्हणजे रविवारी. पप्पांचं ‘येतो’ धरू नकोस. ‘आपण करून टाकू’ यातलं आपण म्हणजे मी. आणि आमच्या घरात ‘कोणीतरी’ म्हणजे मी. ते कधी कंटाळलं नाही. प्रत्येक वेळी “समजले, याप्रमाणे बदल केला आहे” म्हणायचं. मला तर ते शिकवायलाच मजा यायला लागली. एवढं लक्ष देऊन आमच्या घराबद्दल आजपर्यंत मला कुणी विचारलं नव्हतं.

परत यादी काढली. सगळ्या ओळींपुढे माझंच नाव. वरपासून खालपर्यंत. तेव्हा मी तेही हसण्यावारी नेलं, स्क्रीनशॉट काढून ग्रुपवर टाकला. ताईने हसणारी तोंडं पाठवली. काका म्हणाले, “उत्तम! असंच रोज येऊ दे.” आई म्हणाली, “हे कोणी केलं”, मग “छान”, मग “हुशार आहे”. तो मेसेज मला होता की एआयला, मी अजून विचारलेलं नाही.

मग ते रोजचंच झालं. संध्याकाळी चॅट द्यायची, यादी घ्यायची, झालेल्या कामावर बरोबरची खूण, ग्रुपवर टाकायची. मी त्याला आणखी दोन गोष्टी सांगितल्या. एक, तेच काम दोनदा-तीनदा आलं तर एकदाच धर. दोन, जे काम नाही ते खाली वेगळं ‘इतर’ म्हणून टाक. तर खाली सगळं जमायचं. बाळाचे फोटो, इतर. काकांचं फूल, इतर. पप्पांचा नदीचा मेसेज त्याने ऐकून लिहून काढला आणि खाली लिहिलं, “या संदेशात कोणतेही काम नाही.” जेवलीस का, तेही इतर. खरंच आहे, काम नाहीच ते.

आणि त्याच भरात मी ग्रुपवर लिहून टाकलं, “सगळ्यांना विनंती, एकच गोष्ट परत परत विचारू नका प्लीज, संध्याकाळी यादीत बघा.” वर हात जोडले. मला वाटलं केवढं व्यवस्थित केलं मी. आता सगळ्यांना दिसेल की एकटी असून कसं टापटीप चालवते.

काका खूश. ते आता फूलही टाकत नव्हते, म्हणाले यादी लांबते. ताई सरळ कामाच्या भाषेत लिहायला लागली, “सोडे, अर्धा किलो, शनिवारपर्यंत.” आधी तीच लिहायची, “अगं चिमणे, सोडे संपले, इकडचे कसले पांचट मिळतात, तुझ्या हातची चटणी खावीशी वाटते.” पप्पांचे मेसेज छोटे झाले. एकदा म्हणाले, “हॅलो, हॅलो, काम काही नाही, ठेवतो.” आणि आई. आईने एकदा विचारलं, ताडपत्री घातलीस का, मग लगेच स्वतःच लिहिलं, “राहू दे, यादीत बघते.”

मला लक्षात आलं नाही. म्हणजे येत होतं, पण मी ते शांतता म्हणून घेतलं. फोन आता मीटिंगमध्ये वाजत नव्हता. संध्याकाळी ओट्यावर बसून मी यादी करायची, ती आधी पानभर असायची, मग अर्धं पान, आणि खालचा ‘इतर’चा ढीग तर रोज कमी कमी. आधी वाचून संपत नव्हता. मग चार-पाच गोष्टी. मग नुसता एक बाळाचा फोटो. आणि एका संध्याकाळी, अंधार पडत होता, चाचीकडे दिवा लागला होता, मी यादी काढली तर वर तीन कामं, तिन्ही माझी, तिन्ही झालेली, आणि खाली एक ओळ:

“आज इतर काही नाही.”

मी ते बराच वेळ बघत बसले. मग उठले, मागच्या दाराची कडी लावली आणि तिथेच उभी राहिले, फोन हातात धरून. कुणी विचारलंच नाही. विचारणार कसं? यादीत खूण होती ना.

मला सरळ लिहिता आलं असतं, आई, विचार ना. पण आमच्याकडे तसं कुणी बोलत नाही. आमच्याकडे आठवण आली असं म्हणत नाहीत, सोडे पाठव म्हणतात. काळजी वाटते म्हणत नाहीत, ताडपत्री घातलीस का म्हणतात. आणि मी ते सगळं गाळून, एकदाच धरून, खूण करून ठेवलं होतं.

मग ताप आला.

थंडी होती, संध्याकाळी डोकं धुतलं होतं, म्हणून असेल. सकाळी उठवेना. ऑफिसला एक ओळ टाकली आणि माजघरातच पडून राहिले. सुपारी आदल्या दिवसापासून अंगणात पसरलेली. ताडपत्री घालायला म्हणून एकदा उठले तर भिंत धरून परत आले. यादी काढायचा तर प्रश्नच नव्हता.

संध्याकाळ झाली. ग्रुपवर काही नाही. मला वाटलं, आता कुणीतरी विचारेल. बऱ्याच वेळाने काकांचा मेसेज आला आणि मी उशीवरून डोकं उचललं.

“आज यादी नाही?”

ताईने लिहिलं, “ऑफिसचं असेल काहीतरी. आज काम नसेल.”

काका: “ठीक. यादी नाही म्हणजे काम नाही.”

आणि मग वर दिसलं, आई टायपिंग. ती एका बोटाने करते, वेळ लागतो, मला माहीत आहे. मी बघत राहिले. थांबलं. परत आलं, आई टायपिंग. परत थांबलं. मग काहीच आलं नाही. मी स्क्रीन विझू नये म्हणून बोट लावत राहिले, असं वाटत होतं की विझली तर ती निघून जाईल. तशीच झोपले. त्या दिवशी मागची कडी लावली नव्हती.

दुसऱ्या दिवशीही पडूनच. उन्हं कलली तेव्हा चाचीचा आवाज आला, आधी अंगणातून, कोंबड्यांना हाकलत.

“अगो ए! सुपारी काल रातभर उघडीच? सगळी भिजली हाय दवानं! तुझी आई असती तर दोघींना झाडाला बांधली असती, तुला पन आन मला पन!”

मी आतून काहीतरी बोलले. तिला ऐकू गेलं नसेल, पण ती मागून वळसा घालून आली, आणि मागचं दार ढकललं तर ते उघडलंच.

“दार उघडं? अल्ला! काय गो, झोपलीस काय अशी?” कपाळाला हात लावला आणि हात काढून बघितला, जणू त्याला काही लागलंय. “तव्यासारखी तापलीस! मला हाक मारायला जीभ न्हाय काय तुला? दिवसभर तर त्या लपटापशी बोलत असतेस, भिंतीपलीकडून मला ऐकू येतंय.”

“ते ऑफिसचं असतं, चाची.”

“असू दे. मानसाशी बोलायला पगार लागतो काय?”

पेज करून आणली, मीठ आणि लिंबाच्या लोणच्याचा खार घालून. माझी बिचारीची चव गेलेली, तरी वाटीभर प्यायले. आणि मी नको नको म्हणत असताना तिने स्वतःच्या फोनवरून आईला लावला, व्हिडिओ कॉल. फोन माझ्या इतका जवळ धरला की आईला फक्त माझं नाक दिसलं असेल.

आईच्या खांद्यावर बाळ झोपलं होतं, म्हणून आवाज दाबून म्हणाली, “कधीपासून?”

“काल सकाळपासून.”

“मग सांगायचं नाही?”

“तू विचारलंच नाहीस.” मला हे बोलायचं नव्हतं. तापात निघालं.

आईने बाळाच्या पाठीवर थोपटणं सुरू केलं. बाळ झोपलेलंच होतं, तरी.

“काल लिहीत होते,” ती म्हणाली. “जेवलीस का लिहिलं. मग म्हटलं तू लिहिलंयस ना, परत परत विचारू नका म्हणून. पुसलं. मग कडीचं लिहिलं. तेही पुसलं. ही तुझी ताई म्हणाली, आई, तिला कामात सारखं टोकू नको, सगळं येतं यादीत. म्हटलं असेल बाबा. आम्हाला काय कळतंय त्यातलं.”

“यादीत हे नाही येत गं, आई.”

“मग काय उपयोग तिचा?” असं ती अगदी साधं विचारायचं म्हणून म्हणाली, टोमणा नव्हता त्यात. म्हणून जास्त लागलं.

चाचीने फोन ओढून घेतला आणि दोघी सुपारीचं बोलायला लागल्या, किती काळी पडेल, निवडून वेगळी काढायला लागेल, काकांना आता कळवायचं की नंतर. मी भिंतीकडे तोंड करून पडले. खूप दिवसांनी घरात दोन बायका बोलत होत्या. कशाबद्दल का असेना. मी झोपेचं सोंग घेतलं, म्हणजे त्या लवकर थांबू नयेत.

आई आली नाही. येणार कशी, बाळ एवढंसं. आली असती तर गोष्टीला बरं झालं असतं, पण ताईला सुट्टी नव्हती आणि माझा ताप उतरला. चाचीचा नातू येऊन सुपारी उलटवून गेला. काही दाणे काळे पडले, ते वेगळे काढले. काकांनी त्यावर “बघू” लिहिलं.

यादी मी अजून काढते, नाही काढली तर पाडेली परत दुसऱ्याकडे जाईल. पण ग्रुपवर टाकत नाही, माझ्यापुरती ठेवते. आणि ग्रुपवर लिहिलं की परत परत विचारू नका वगैरे जे मी म्हटलं होतं ते रद्द, विचारा. ताईने लिहिलं, “बरी आहेस ना?” काकांनी दुसऱ्या दिवशी फूल टाकलं, जास्वंदीचं. ते पहिल्यासारखं व्हायला मात्र वेळ लागतोय. एकदा माणसं बेतानं बोलायला शिकली की पटकन विसरत नाहीत. आई अजूनही कधी लिहून पुसते, मला वर दिसतं. पप्पा गेल्या वेळी घरी आले तेव्हा मी त्यांना म्हटलं, तुमचा नदीचा मेसेज मी ठेवलाय. ते म्हणाले, “कुठली नदी?” मग जेवले, झोपले, गेले.

आता रोज मी अंधार पडायच्या आत ताडपत्री घालते, मागची कडी लावते, ओढून बघते, आणि ओट्यावर येऊन बसते. वाडी गप्प होते. आईचा मेसेज येतो.

“कडी लावलीस का”

मी लगेच उत्तर देत नाही. फोन मांडीवर ठेवते. चाचीच्या कोंबड्या खुराड्यात जाताना भांडत असतात तेवढं ऐकते. आई टायपिंग दिसतं. थांबतं. या वेळी पुसू नकोस, एवढंच मनात म्हणत असते मी. मग येतो.

“अगं कडी लावलीस ना”

मग मी लिहिते, हो.